‘अशक्य’ शिकवणारी अकादमी

१७७५ साली पॅरिसच्या विज्ञान अकादमीनं एक ठराव केला: शाश्वत गतीच्या यंत्रांचे प्रस्ताव यापुढे तपासले जाणार नाहीत. शाश्वत गतीचं यंत्र म्हणजे इंधन, वारा, पाणी यांपैकी काहीही न घेता कायम चालणारं आणि वर कामही करून देणारं यंत्र. त्याच ठरावानं वर्तुळाएवढ्या क्षेत्रफळाचा चौरस काढणं, कोनाचे तीन समान भाग करणं अशा गणितातल्या कोड्यांनाही दार बंद केलं. या नादापायी घरंच्या घरं बुडत होती, आणि अकादमीला ते थांबवायचं होतं.

ठराव योग्यच होता. पण त्या बंद दारामागे शिकण्यासारखं फार काही राहून गेलं, असं मला कायम वाटत आलं आहे. म्हणून मनातल्या मनात मी दुसरी एक अकादमी उघडली आहे. तिथे फक्त अशक्य भौतिकशास्त्र शिकवतात. उलटं वस्तुमान, प्रकाशाला मागे टाकणारे कण, उष्णतेला उलटं वाहायला लावणारे द्वारपाल, सगळ्यांना तिथे प्रवेश आहे. अट एकच. ‘हे अशक्य आहे’ एवढं म्हणून सुटका नाही. कोणत्या नियमामुळे अशक्य, आणि तो नियम सोडून दिला तर त्याच्यासोबत आणखी काय काय सोडावं लागेल, हे सांगावं लागतं.

पहिला धडा अर्थातच चाकाचा.

भास्कराचार्यांनी ११५० च्या सुमाराला ‘सिद्धान्तशिरोमणि’त असं एक चाक वर्णन केलं आहे. हलक्या लाकडाचं चाक, त्याला सारख्या अंतरावर बसवलेल्या पोकळ आऱ्या, सगळ्या एकाच बाजूला किंचित वाकलेल्या. प्रत्येक आरी पाऱ्यानं अर्धी भरायची आणि तोंड बंद करायचं. चाक फिरलं की खाली जाणाऱ्या बाजूचा पारा वाकलेल्या आरीतून कडेकडे घरंगळतो, वर येणाऱ्या बाजूचा पारा आसाकडे सरकतो. आसापासून लांबचं वजन जास्त जोर लावतं हे सी-सॉवर बसलेल्या मुलालाही ठाऊक असतं. म्हणजे एक बाजू कायम जड, आणि चाक कायम फिरतं.

वाचताना पटतं. मग पाणी मुरतं कुठे? कागदावर आऱ्या काढा आणि प्रत्येकीतला पारा कुठे आहे ते ठिपक्यानं दाखवा. खाली जाणाऱ्या बाजूला ठिपके आसापासून लांब दिसतात, पण ते संख्येनं कमी भरतात. वर येणाऱ्या बाजूला ते जवळ असतात, पण जास्त. अंतर आणि वजन यांचा गुणाकार करून बेरीज घेतली की दोन्ही पारडी समान होतात. प्रत्येक रचनेत ही बेरीज नव्यानं करावी लागत नाही, कारण त्यामागे आणखी साधी गोष्ट आहे. चाकाचा एक फेरा पूर्ण झाला की पाऱ्याचा थेंबन्‌थेंब पुन्हा मूळ उंचीवर येतो. खाली येताना गुरुत्वाकर्षणानं जेवढं दिलं, तेवढंच वर जाताना परत घेतलं. हातात शून्य उरलं, आणि आसाचं घर्षण मात्र प्रत्येक फेऱ्याला आपला वाटा घेतच राहिलं.

इथे चांगला विद्यार्थी विचारेल, ‘खाली येतानाचं आणि वर जातानाचं देणं-घेणं समानच असतं, हे कशावरून?’ प्रश्न खोल आहे. समजा, गुरुत्वाकर्षण सोमवारी जरा कमी आणि मंगळवारी जरा जास्त असतं. मग मोठा दगड सोमवारी स्वस्तात वर चढवायचा आणि मंगळवारी खाली सोडायचा. चढवायला लागलेल्या ऊर्जेपेक्षा पडताना मिळालेली ऊर्जा जास्त. दर आठवड्याला फुकटची कमाई, तीही चाक किंवा पारा न वापरता. जगात असं होत नाही, कारण निसर्गाचे नियम काल होते तेच आज आहेत. गणितज्ञ एमी नोएदर यांनी १९१८ मध्ये हे नातं सिद्ध केलं: नियम काळानुसार बदलत नसतील तर ऊर्जेचा एकूण साठा कायम राहतो. म्हणजे शाश्वत गतीचं यंत्र खरंच चालवायचं असेल, तर उद्याचे नियम आजच्यासारखेच असतील हा भरवसा सोडावा लागेल. अकादमीच्या अटीतलं ‘आणखी काय काय सोडावं लागेल’ ते हे असं. मला भौतिकशास्त्रातला याहून सुंदर निकाल माहीत नाही.

अशक्य गोष्टीचा हत्यारासारखा उपयोगही करता येतो. १५८६ मध्ये सायमन स्टेविन या फ्लेमिश अभियंत्यानं तो करून दाखवला. त्यानं त्रिकोणी ठोकळ्याची कल्पना केली, एक उतार दुसऱ्याच्या दुप्पट लांब. त्यावर सारख्या १४ मण्यांची माळ टाकली. लांब उतारावर चार मणी, आखूड उतारावर दोन, आणि उरलेले आठ खाली झोळीसारखे लोंबताहेत. माळ घसरेल का? घसरलीच, तर प्रत्येक मण्याच्या जागी पुढचा मणी येईल आणि चित्र पुन्हा पहिल्यासारखं होईल. मग ती थांबायचं कारणच उरत नाही, ती अनंतकाळ फिरत राहील. हे तर शक्य नाही. म्हणजे माळ स्थिर आहे. खालची झोळी दोन्ही बाजूंनी सारखीच ओढते, ती कापून टाकली तरी फरक पडणार नाही. राहिले काय? एका उतारावरचे चार मणी दुसऱ्या उतारावरच्या दोन मण्यांना तोलून धरतात. उतार दुप्पट लांब असेल तर ते वजन तोलायला निम्मंच वजन पुरतं. एकही मोजमाप न घेता, फक्त ‘अमुक होऊ शकत नाही’ एवढ्यावर नियम हाती आला. स्टेविननं ही माळ आपल्या पुस्तकाच्या मुखपृष्ठावर छापली आणि तिच्यासोबत चमत्कार, तरीही चमत्कार नव्हे, अशा अर्थाची ओळ घातली.

आता अकादमीतला माझा सगळ्यात आवडता वर्ग.

१८६७ मध्ये जेम्स क्लार्क मॅक्सवेल यांनी मित्राला लिहिलेल्या पत्रात एक छोटासा द्वारपाल कल्पिला. बंद पेटीत हवा आहे. मधोमध भिंत, भिंतीत इवलीशी खिडकी, खिडकीपाशी हा द्वारपाल. हवेतले सगळे रेणू सारख्या वेगानं धावत नसतात. काही वेगवान, काही मंद. डावीकडून वेगवान रेणू आला की द्वारपाल खिडकी उघडून त्याला उजवीकडे जाऊ देतो, उजवीकडून मंद आला की त्याला डावीकडे. बाकीच्यांना बंदी. काही वेळानं उजवी बाजू तापते, डावी गार पडते. खिडकी इतकी हलकी की ती उघडायला जवळपास काहीच ऊर्जा लागत नाही.

इथे ऊर्जा नव्यानं निर्माण झालेली नाही, तेव्हा उष्णतेच्या शास्त्रातला, म्हणजे उष्मागतिकीतला पहिला नियम शाबूत आहे. मोडतोय तो दुसरा. गरम चहा आपोआप गार होतो, गार चहा आपोआप गरम होत नाही, कारण विस्कळीतपणा आपोआप वाढत जातो. या विस्कळीतपणाच्या मापाला एन्ट्रॉपी म्हणतात. द्वारपाल ती कमी करतोय, तेही बसल्या जागी. तसं झालं तर समुद्रातली उष्णता काढून जहाज चालवता येईल आणि मागे बर्फ टाकत पुढे जाता येईल.

दुसरा नियम पहिल्याइतका कठोर नसतो, त्यात संख्येचा खेळ असतो. पेटीत १०० रेणू असले, तर ते सगळेच्या सगळे योगायोगानं एका बाजूला सापडण्याची शक्यता एकावर तीस शून्यं एवढ्यांत जेमतेम एक. विश्वाच्या आरंभापासून दर नॅनोसेकंदाला पेटीत डोकावून पाहिलं असतं, तरी आजवर ते एकदाही दिसलं नसतं असंच धरून चालावं लागेल. आणि हे झालं शंभर रेणूंचं. आपण एका श्वासात घेतो त्या हवेत एकावर बावीस शून्यं इतके रेणू असतात. द्वारपालाचं वैशिष्ट्य असं, की तो योगायोगाची वाट पाहत नाही. त्याला माहिती असते.

पहिली शंका अशी, की द्वारपालाच्या जागी स्प्रिंगचं साधं झडप बसवलं तर? रेणू आदळला की ते एकाच बाजूला उघडेल. पोलिश शास्त्रज्ञ मारियान स्मोलुखोव्स्की यांनी १९१२ मध्ये दाखवलं, की ते चालणार नाही. रेणूच्या धक्क्यानं उघडण्याइतकं हलकं झडप स्वतःही त्याच धक्क्यांनी तापतं, थरथरायला लागतं आणि भलत्या वेळी उघडं पडतं. मग दोन्हीकडून ये-जा सुरू. बिनडोक दरवाजा हरला. पण विचार करणारा द्वारपाल?

उत्तरासाठी जवळजवळ एक शतक जावं लागलं. लिओ झिलार्ड यांनी १९२९ मध्ये माहिती आणि एन्ट्रॉपी यांची गाठ घातली. माहिती मिळवण्यातच खर्च होत असणार, असा त्यांचा अंदाज होता. खरी मेख दुसरीकडे निघाली. रॉल्फ लँडाउअर यांनी १९६१ मध्ये दाखवलं, की माहिती पुसायला किंमत पडते. द्वारपालाला प्रत्येक रेणूविषयी ‘सोडायचा’ की ‘अडवायचा’ याची नोंद करावी लागते. त्याची वही कधीतरी भरते. पुढे काम चालू ठेवायचं तर जुनी पानं कोरी करायला हवीत, आणि पान कोरं करताना उष्णता बाहेर पडतेच. चार्ल्स बेनेट यांनी १९८२ मध्ये हा हिशेब पूर्ण केला: वही पुसताना जगाची एन्ट्रॉपी निदान तेवढी वाढते, जेवढी द्वारपालानं पेटीत कमी केली होती. पुसण्याचा हा किमान खर्च केवढा? एका ज्यूलचे एकावर एकवीस शून्यं इतके भाग केले, तर खोलीच्या तापमानाला त्यातले साधारण तीन. एक ‘हो-नाही’ पुसायचा दर एवढाच. तरी तो शून्य नाही.

२०१२ मध्ये हे मोजूनही झालं. पाण्यात तरंगणारा दोन मायक्रॉनचा, म्हणजे मिलिमीटरच्या दोन हजारांशाएवढा, काचेचा मणी घेतला. लेझरच्या प्रकाशानं त्याच्यासाठी शेजारी-शेजारी दोन खळगे तयार केले. मणी डाव्या खळग्यात म्हणजे ‘शून्य’, उजव्यात म्हणजे ‘एक’. मग तो कुठेही असो, एकाच खळग्यात आणून ठेवायचा, म्हणजेच आधीची नोंद पुसायची. हे जितकं सावकाश केलं, तितकी बाहेर पडणारी उष्णता कमी होत गेली आणि लँडाउअर यांनी सांगितलेल्या मर्यादेला जाऊन टेकू लागली. मॅक्सवेलच्या द्वारपालानं एक थेंबही उष्णता फुकट मिळवून दिली नाही. त्याच्या मागे लागून आपल्याला कळलं ते असं, की माहिती ही वजनकाट्यावर न येणारी, तरी भौतिकशास्त्राच्या कायद्याखाली येणारी गोष्ट आहे.

ऋण वस्तुमानाचा वर्ग आटोपशीर आहे, पण त्यात झोप लागणार नाही. हरमान बाँडी यांनी १९५७ मध्ये या कल्पनेचा नीट अभ्यास केला. वस्तुमान ऋण असेल तर वस्तूला पुढे ढकललं की ती मागे, तुमच्याच अंगावर येते. आता अवकाशात एक साधा गोळा ठेवा आणि शेजारी तेवढ्याच, पण ऋण वस्तुमानाचा दुसरा. साधा गोळा दुसऱ्याला ओढतो, दुसरा साध्याला दूर लोटतो. परिणाम असा, की साधा पळतो आणि ऋण त्याचा पाठलाग करतो. दोघांचा वेग सतत वाढत जातो, कोणीही इंधन न घालता. इथे विद्यार्थी हमखास ओरडतात, ‘ऊर्जेचा नियम मोडला!’ मोडलेला नाही. एकाची गतिज ऊर्जा धन, दुसऱ्याची तेवढीच ऋण, बेरीज शून्य. जमाखर्च तंतोतंत जुळतो.

मग अडचण काय? अडचण हीच, की जमाखर्च जुळतो. तसं असेल तर रिकाम्या पोकळीलाही एक धन आणि एक ऋण अशी जोडी कर्ज-उधार न करता बाहेर काढता येईल, मग दुसरी, मग तिसरी. पोकळी स्थिर राहणारच नाही. जग टिकून आहे, यावरून ऊर्जेला कुठेतरी तळ असला पाहिजे असा निष्कर्ष निघतो. अवकाशातली कृमिविवरं, म्हणजे दूरच्या दोन जागा जोडणारे कल्पित बोगदे, आणि वाकवलेल्या अवकाशातून धावणारी यानं यांच्याविषयी खूप बोललं जातं, माझ्या मते गरजेपेक्षा जास्तच. त्या सगळ्यांना ऋण ऊर्जा लागते. तेव्हा त्यांची गाडीही याच तळाशी येऊन अडते.

ऋण तापमान मात्र चक्क मिळालं आहे. १९५१ मध्ये एडवर्ड पर्सेल आणि रॉबर्ट पाउंड यांनी लिथियम फ्लोराइडच्या स्फटिकातल्या अणुकेंद्रकांना ते दिलं. निरपेक्ष शून्याखाली म्हणजे उणे २७३.१५ अंश सेल्सिअसखाली कोणी गेलं असा याचा अर्थ नव्हे. ज्या रचनेत ऊर्जेला वरूनही छत असतं, तिथे बहुतेक कण छताजवळ गोळा केले की तापमानाच्या व्याख्येत उणे चिन्ह येतं. अशी वस्तू गार नसते. ती कोणत्याही धन तापमानाच्या वस्तूला उष्णता देते, म्हणजे सगळ्यांहून गरम असते.

प्रकाशापेक्षा जास्त वेगाविषयी विद्यार्थी सर्वांत हट्टानं भांडतात, आणि भांडावंही. चंद्राच्या दिशेनं लेझर धरून हात सेकंदाला ४५ अंश एवढ्या वेगानं फिरवला, तर चंद्रावरचा ठिपका प्रकाशाच्या वेगापेक्षा किंचित जास्त वेगानं सरकेल. गणित सोपं आहे: अंतर सुमारे ३,८४,००० किलोमीटर, आणि ४५ अंश म्हणजे ०.७८५ रेडियन. गुणाकार प्रकाशाच्या वेगाच्या जरा वर जातो. नियम मोडला का? नाही. चंद्राच्या एका कडेवरून दुसऱ्या कडेकडे काहीच गेलेलं नाही. प्रत्येक किरण तुमच्या हातातून निघून थेट चंद्रावर पोचला, नेहमीच्याच वेगानं. या कडेवर उभा असलेला माणूस ठिपक्याच्या हाती त्या कडेवरच्या माणसाला निरोप पाठवू शकत नाही.

निरोप हाच खरा मुद्दा. सापेक्षता सिद्धांतानुसार, दोन घटनांमध्ये प्रकाशालाही पोचता येणार नाही इतकं अंतर असेल, तर आधी कोणती आणि नंतर कोणती हे पाहणाऱ्याच्या गतीवर ठरतं. अशा घटनांमध्ये निरोप जाऊ लागला, तर कुणाच्या तरी दृष्टीनं तो पाठवण्याआधीच पोचलेला असेल. दोन धावत्या यानांनी मिळून तो परत फिरवला, तर उत्तर प्रश्नाच्या आधी हातात. १९६२ मध्ये बिलानियुक, देशपांडे आणि सुदर्शन या तिघांनी प्रकाशाहून वेगवान कणांची शक्यता समीकरणांत बसते का, हे नेटानं तपासलं. १९६७ मध्ये जेराल्ड फाइनबर्ग यांनी अशा कणांना टॅकिऑन हे नाव दिलं. कागदावरचा टॅकिऑन ऊर्जा गमावली की आणखी वेगानं पळतो. प्रत्यक्षात तो अजून कुणालाही सापडलेला नाही.

सापडल्यासारखं मात्र एकदा वाटलं. सप्टेंबर २०११ मध्ये ‘ऑपेरा’ प्रयोगाच्या शास्त्रज्ञांनी जाहीर केलं, की जिनिव्हाजवळच्या सर्न प्रयोगशाळेतून निघालेले न्यूट्रिनो, म्हणजे जवळपास कशालाही न अडणारे अतिसूक्ष्म कण, ७३० किलोमीटरवर इटलीत प्रकाशाच्या ६० नॅनोसेकंद आधी पोचताहेत. एवढ्या वेळात प्रकाश १८ मीटर जातो. त्यांनी दवंडी पिटली नाही, ‘आम्हाला चूक सापडत नाही, तुम्ही शोधा’ अशा सुरात सगळं समोर ठेवलं. काही महिन्यांत कळलं, की वेळेचा सिग्नल आणणाऱ्या ऑप्टिकल फायबरची जोडणी पूर्ण घट्ट बसलेली नव्हती. माझ्या अकादमीत हा प्रसंग फजिती म्हणून सांगितला जात नाही. अशक्य निकाल हाती आला की काय करायचं, याचा तो वस्तुपाठ आहे.

कारण कधीकधी जोडणी घट्ट असते. ८ एप्रिल १९८२ रोजी डॅन शेख्टमन इलेक्ट्रॉन सूक्ष्मदर्शकाखाली अॅल्युमिनियम-मँगनीजचा मिश्रधातू पाहत होते. पडद्यावर दहा-दहा ठिपक्यांची वर्तुळं उमटली. वहीत त्यांनी दहापट सममितीची, म्हणजे फेऱ्याच्या दहाव्या भागाइतकं फिरवलं तरी चित्र तेच दिसतं याची, नोंद केली आणि पुढे तीन प्रश्नचिन्हं काढली. प्रश्नचिन्हं रास्त होती. नियमित पंचकोनी फरशा घेऊन जमीन भरून पाहा. एका कोपऱ्यात तीन बसतात, प्रत्येकीचा कोन १०८ अंश, बेरीज ३२४. उरलेल्या ३६ अंशांच्या फटीत चौथी मावत नाही. म्हणून एकच नक्षी पुन्हा पुन्हा मांडत जाणाऱ्या स्फटिकात पाचपट किंवा दहापट सममिती येऊच शकत नाही, हे पक्कं सिद्ध झालेलं होतं. त्यांच्यावर अविश्वास दाखवणाऱ्यांत लायनस पॉलिंग यांच्यासारखे दिग्गज होते. अखेर कळलं ते असं: प्रमेय अगदी बरोबर आहे, पण स्फटिकात एकच नक्षी पुन्हा पुन्हा यावीच लागते हे आपण धरून चाललो होतो. शेख्टमन यांच्या धातूत अणूंची मांडणी शिस्तीची होती, तरी ती कधीच जशीच्या तशी परत येत नव्हती. १९९२ मध्ये स्फटिकशास्त्राच्या आंतरराष्ट्रीय संघटनेनं स्फटिकाची व्याख्याच बदलली. २०११ मध्ये शेख्टमन यांना नोबेल मिळालं.

अकादमीच्या शेवटच्या वर्गाला मी खऱ्या जागी नेईन, जपानमधल्या कामिओका इथल्या डोंगराखाली. जुन्या नियमानुसार प्रोटॉन कधीच फुटू शकत नाही. काही सिद्धांत म्हणतात, फुटेल, पण कल्पनेपलीकडच्या काळानंतर. एकाच प्रोटॉनकडे तेवढा काळ पाहत बसणं शक्य नाही, म्हणून तिथे प्रचंड टाकीत पाणी भरून त्यातल्या असंख्य प्रोटॉनवर एकदम नजर ठेवतात आणि वाट पाहतात. तिथल्या पहिल्या टाकीत प्रोटॉन फुटला नाही. पण फेब्रुवारी १९८७ मध्ये दीड लाखाहून अधिक प्रकाशवर्षांवर फुटलेल्या एका ताऱ्याचे दहा-बारा न्यूट्रिनो तिच्यात सापडले, आणि दुर्बिणीऐवजी न्यूट्रिनोंनी अवकाश पाहण्याचं काम तिथून मार्गी लागलं. १९९६ पासून शेजारी दुसरी टाकी आहे, ५०,००० टन पाण्याची. आत अंधार, आणि भिंतींवर अकरा हजारांहून जास्त प्रकाशग्राही नळ्या. प्रोटॉन फुटला तर त्या अंधारात निळसर प्रकाशाची वलयं उमटतील. अजून तसं वलय दिसलेलं नाही. नळ्या चालू आहेत.